सोन्याची सुई, सोन्याचा विळा

सुश्रुतसंहितेच्या चिकित्सास्थानातला २९वा अध्याय सोमाबद्दल आहे. वैद्यकाच्या अंगानं तो कुणी कसाही वाचो, काल्पनिक जग कसं रचावं याचा इतका देखणा धडा मला दुसरीकडे सापडलेला नाही. सोमाचे २४ प्रकार. प्रत्येकाला पानं बरोबर १५. शुद्ध पक्षात रोज एक पान फुटतं, पौर्णिमेला वेल भरून येते. वद्य पक्षात रोज एक गळतं आणि अमावास्येला नुसती वेल उरते. एक प्रकार सोन्याच्या रंगाचा, पाण्यावर तरंगणारा. आणखी दोन झाडांच्या शेंड्यांवर सापाच्या कातीसारखे लोंबणारे. हा सोम उगवतो कुठे? हिमालय, अर्बुद, मलय, विंध्य अशा नावांच्या यादीत आपला सह्याद्रीही आहे. मात्र अधर्मी, कृतघ्न किंवा औषधाचा द्वेष करणारा माणूस शेजारून गेला तरी त्याला वेल दिसायची नाही.

मग काढणी. विधिपूर्वक आणलेल्या सोमाचा कंद सोन्याच्या सुईनं टोचायचा, पाझरलेलं दूध सोन्याच्या पात्रात ओंजळभर घ्यायचं आणि चव न घेता एका दमात प्यायचं. त्याआधी तीन आवरणांचं घर बांधून ठेवायचं, कारण पुढचे दिवस भयंकर असतात. ओकाऱ्या होतात, कृमी पडतात, मांस झडतं; दात, नखं, केस गळून जातात आणि नव्यानं येतात. त्यानंतर १० हजार वर्षांचं तारुण्य. वेलीचा धर्मच पिणाऱ्याच्या शरीराला लागतो: जी पानं टाकते आणि पुन्हा धरते, तिचा रस घेतल्यावर माणूसही जुनं अंग टाकून नवं धरतो. द्रव्याचा स्वभाव, ते काढण्याची रीत आणि त्याचं फळ यांची वीण इतकी घट्ट असली, की वाचक अशक्य गोष्टीवरही विश्वास ठेवतो. जगभरच्या अद्भुत कापण्या मी याच कसोटीला लावून पाहतो.

यज्ञातल्या सोमाची गोष्ट आणखी वेगळी. ऋग्वेदाचं अख्खं नववं मंडल, ११४ सूक्तं, दगडानं कुटलेल्या आणि लोकरीच्या गाळणीतून गाळलेल्या सोमाची. पण अग्निष्टोम या सोमयज्ञात ही वनस्पती आधी विकत घ्यावी लागते. गाय मोबदला म्हणून पुढे करायची, रीतसर घासाघीस करायची आणि सौदा झाला की विकणाऱ्याला हाकलून द्यायचं. मनुस्मृतीतही सोम विकणारा निंद्यांच्या यादीत आहे. देवांचं पेय डोंगरावरून खाली आणणाऱ्यालाच मंडपात जागा नाही. या माणसाच्या बाजूनं अजून कादंबरी का लिहिली गेली नाही, याचं मला फार नवल वाटतं.

ग्रीक वनस्पतिशास्त्रज्ञ थिओफ्रास्टसनं आपल्या ग्रंथाच्या नवव्या भागात मुळ्या खणणाऱ्यांच्या रीती नोंदवल्या आहेत. मॅन्ड्रेकभोवती तलवारीनं तीन वर्तुळं काढायची, पश्चिमेला तोंड करून कापायचं, आणि दुसऱ्यानं भोवती नाचत शृंगाराचं जमेल तितकं बोलत राहायचं. काळ्या हेलेबोरसाठी पूर्वेला तोंड करून प्रार्थना, आणि डोळा आकाशावर: गरुड जवळ आला तर कापणारा वर्षाच्या आत मरणार. थिओफ्रास्टस हे सगळं सरसकट धुडकावत नाही. हेलेबोर खणताना डोकं जड होतं, म्हणून आधी लसूण खाऊन वर मद्य घेण्याची रीत त्याला पटते. बाकीचं त्याला ओढूनताणून आणलेलं वाटतं. विधीचा काही भाग अनुभवातून येतो आणि काही भीतीतून, हे त्यानं इसवी सनापूर्वीच ओळखलं होतं.

रोमन लेखक प्लिनीच्या वर्णनातले द्रुइड पुरोहित चंद्राच्या सहाव्या दिवशी पांढऱ्या वस्त्रात ओकवर चढतात, सोन्याच्या विळ्यानं मिसलटो कापतात, खाली पांढऱ्या कापडात झेलतात आणि दोन पांढरे बैल बळी देतात. सोन्याला धार टिकत नाही, तरी तो विळा थेट अ‍ॅस्टरिक्सच्या चित्रकथांपर्यंत पोचला. उपटताना मॅन्ड्रेक किंचाळतो ही जुनी समजूत; ती किंकाळी हॅरी पॉटरच्या १९९८च्या पुस्तकात आली, तिथे विद्यार्थी कान झाकून रोपं उपटतात. वाचायला मजा येते. पण तिथली रीत केवळ खबरदारीची आहे, तिच्यात श्रद्धा उरलेली नाही.

विसाव्या शतकात सुश्रुताच्या तोडीची वीण मला एकाच ठिकाणी दिसते, फ्रँक हर्बर्टच्या १९६५च्या ‘ड्यून’मध्ये. अराकिस या वाळवंटी ग्रहावरचा ‘स्पाइस’ आयुष्य वाढवतो, भविष्य दाखवतो, आणि त्याच्याशिवाय ताऱ्यांमधला प्रवास अडतो. सरदार घराणी तो अजस्र यंत्रांनी उपसतात, वाळूतला महाकाय किडा येईपर्यंत. फ्रेमेन जमात मात्र एक लहान किडा पाण्यात बुडवते, मरताना तो ओकतो ते विष धर्मगुरू होणारी स्त्री पिते, स्वतःच्या शरीरात त्याचं रूप पालटते आणि मगच ते सगळ्यांना वाटलं जातं. स्पाइस त्या किड्यांच्याच जीवनचक्रातून तयार होतो आणि पाणी त्यांना मारतं. त्यामुळे ग्रह हिरवा करण्याचं फ्रेमेनांचं स्वप्न पुरं झालं तर स्पाइसच संपेल. एकाच द्रव्याची लूटही दिसते आणि पूजाही, आणि दोन्हींची किंमत वाचकाला कळते.

आपल्याकडे तर दरवर्षी दसऱ्याला ही कापणी होते. कौत्साला गुरुदक्षिणेसाठी १४ कोटी सुवर्णमुद्रा हव्या होत्या, रघूच्या धाकानं कुबेरानं त्या वर्षवल्या. लोककथा म्हणते, आपट्याच्या झाडावर. त्या सोन्यापायी आज आपट्याच्या फांद्याच्या फांद्या ओरबाडल्या जातात आणि बाजारात आपटा म्हणून कांचनाची पानं खपतात. चरकाच्या कल्पस्थानात औषधी तोडणाऱ्यानं उपवास करावा, पांढरी वस्त्रं नेसावी, देवतांची पूजा करावी, पूर्वेला किंवा उत्तरेला तोंड करावं, असं सांगितलं आहे. दसऱ्याच्या लुटीत यातलं काही उरलेलं नाही.

मराठीत आता नवी मुलं आपापली काल्पनिक जगं रचू लागली आहेत. त्यांना माझी कळकळीची विनंती आहे: ड्रॅगन आणि द्रुइड उसने आणण्याआधी सुश्रुताचा २९वा अध्याय वाचा, आणि त्या यादीतल्या सह्याद्रीवर सोमाची वेल शोधायला निघालेल्या माणसाची गोष्ट लिहा.