जिन्यावरचा फोन

होस्टेलवर राहणाऱ्यांनो, एक विचारू? घरून फोन आला की तुम्ही कुठं जाऊन बोलता?

खोलीतच, सगळ्यांसमोर बोलत असाल तर तुमचं बरं आहे. आमच्या इकडचे, म्हणजे कन्हान, कामठी, पारशिवनी, रामटेककडचे पोट्टे पुण्या-मुंबईला शिकायला गेले की पहिल्याच महिन्यात एक जागा हेरून ठेवतात. कुणी गच्ची, कुणी पार्किंग. मी जिना धरला होता, दुसऱ्या आणि तिसऱ्या मजल्याच्या मधला. तिथं उभं राहून, 'हो ना वं आई, जेवलो. तू काय करून राहिली? बाबाले दे ना जरा.' मग खोलीत परत यायचं आणि रूममेटला सांगायचं, 'आईचा फोन होता, जेवलास का विचारत होती.' दोन्ही वाक्यं माझीच. पण बोलणारा एकच आहे असं कुणाला वाटलं नसतं.

मुखवटा म्हटलं की हल्ली लगेच इन्स्टा, फिल्टर, लाइक्स सुरू होतं. त्यावर तुम्ही इतकं वाचलंय की नवं काही सांगण्यासारखं माझ्याकडे नाही. मला बोलायचंय ते जिभेवरच्या मुखवट्याबद्दल. तो सेल्फीत दिसत नाही आणि झोपेपर्यंत काढताही येत नाही.

तो चढतो कसा? एकदम नाही चढत. पहिल्या आठवड्यात मेसमध्ये मी म्हणालो, 'पोह्यावर थोडा सांबार टाका ना.' अख्खं टेबल माझ्याकडे बघायला लागलं. पोह्यावर सांबार? इडली समजला का हा? आता आमच्या विदर्भात सांबार म्हणजे कोथिंबीर, हे त्यांना कुठून माहीत असणार. हसले बिचारे. त्यात दुष्टपणा काही नव्हता, हे आज कळतं. पण त्या दिवसापासून माझ्या डोक्यात एक संपादक येऊन बसला. 'मी जाऊन राहिलो' तोंडात आलं की तो 'मी जातोय' करून द्यायचा. 'मले'चं 'मला', 'काहून'चं 'का'. 'येजो', 'सांगजो' तर पार कापून टाकलं. तीन महिन्यांत भाषा एकदम गुळगुळीत झाली.

फक्त प्रत्येक उत्तराआधी अर्धा सेकंद लागायला लागला. कन्हानच्या चौकात ज्याला गप्प करायला चार जण लागायचे, तो वर्गात गप्प बसू लागला. तोंडी परीक्षेत उत्तर येत असायचं, पण ते आधी 'शुद्ध' करून घ्यावं लागायचं, तोवर पुढचा प्रश्न यायचा. सर म्हणायचे, आत्मविश्वास वाढव. आत्मविश्वास होता हो सर. आत भाषांतर चालू होतं.

तुमच्यापैकी कुणी कोल्हापूरचं असेल, कुणी लातूरचं, कुणी नंदुरबारचं. जागेप्रमाणे शब्द बदला, बाकी गोष्ट हीच असेल.

याला थोडा इतिहास आहे, आणि तो मला शाळेत कुणी सांगितला नाही. ज्याला आपण प्रमाण मराठी म्हणतो ती घडली एकोणिसाव्या शतकात, मुंबई इलाख्यात. मोल्सवर्थचा कोश 1831 चा, दादोबा पांडुरंगांचं व्याकरण 1836 चं. शाळांची पुस्तकं त्याच वळणाने आली आणि पुण्याच्या शिकलेल्या घरांतली बोली हीच लिहायची भाषा ठरली. तेव्हा नागपुरावर भोसल्यांचं राज्य होतं. ते इंग्रजांनी खालसा केलं, 1861 मध्ये मध्य प्रांत तयार झाला आणि नागपूर त्याची राजधानी. जबलपूर, रायपूर, छिंदवाडा हे सगळं त्याच प्रांतात. 1956 पर्यंत हे शहर हिंदी-मराठीची एकत्र राजधानी होतं. मग आमच्या मराठीत 'करून राहिला' आलं तर त्यात बिघडलं काय? शेजाऱ्याशी शंभर वर्षं बोलल्यावर जे व्हायचं ते झालं. ग्रियर्सनने भारतीय भाषांची पाहणी केली, तिचा मराठीवरचा खंड 1905 चा. त्यात आमच्या बोलीचे नमुने नीट नोंदवलेले आहेत. व्याकरणासकट. म्हणजे नियम आहेत, गडबडगुंडा नाही.

आणि अजून मागे जा. मराठीतलं पहिलं मोठं गद्य मानतात ते 'लीळाचरित्र' तेराव्या शतकातलं. म्हाइंभटांनी ते सिद्ध केलं रिद्धपुरात, अमरावती जिल्ह्यात. त्याच पंथातल्या पंडितांना संस्कृतात लिहायची हौस होती, तेव्हा नागदेवाचार्यांनी त्यांना अडवलं. कारण साधं होतं. संस्कृतात लिहिलं तर आपल्यातल्या म्हाताऱ्या बायांना ते कळणार कसं? 3 ऑक्टोबर 2024 ला मराठीला अभिजात दर्जा मिळाला तेव्हा आम्हीही स्टेटस ठेवलं, अभिमान वगैरे. आणि त्याच विदर्भाची बोली बोलायला जिन्यात उभे राहिलो.

आता दुसरी बाजू. कारण वर लिहिलंय त्यावरून वाटेल की घरची बोली खरी, बाहेरची खोटी. इतकं सोपं नाही ते.

कन्हान हे मुळात एकभाषी गाव नाहीच. आजूबाजूला कोळशाच्या खाणी, रेल्वेचं जंक्शन, नदीपलीकडे कामठीची जुनी छावणी. कामाच्या मागे चार प्रांतांतली माणसं आली आणि इथलीच झाली. माझे बाबा खाणीत. पाळीवरच्या सोबत्यांशी त्यांची हिंदी, घरी नागपुरी, साहेबासमोर आणखी तिसरंच काहीतरी, जपून बोललेलं. लहानपणी मला कधी वाटलं नाही की यातले दोन बाबा खोटे आहेत. गॉफमन नावाच्या समाजशास्त्रज्ञाने 1950 च्या दशकात एक पुस्तक लिहिलं, त्याचं म्हणणं असं की रोजचं जगणं नाटकासारखंच असतं. एक रंगमंच, एक पडद्यामागची जागा, आणि प्रत्येक जण दोन्हीकडे असतो. 'पर्सन' हा शब्दसुद्धा मूळ लॅटिन 'पर्सोना', म्हणजे नाटकातला मुखवटा. मला हे पटतं. मुलाखतीत प्रमाण मराठी बोलणं म्हणजे स्वतःला विकणं, असं मी म्हणणार नाही. ती भाषा माझीही आहे, मी ती कमावली आहे, हा लेखही बराचसा तिच्यातच लिहितोय.

उलटा मुखवटाही असतो, आणि तो मी घालून पाहिलाय. दुसऱ्या वर्षाला मित्रांना कळलं की मी 'तसं' बोलू शकतो. मग काय, 'ए, जरा विदर्भ बोलून दाखव ना!' मी सुरू. प्रत्येक वाक्याला 'बे', आवाज चढा, हातवारे. 'चला हवा येऊ द्या'मध्ये भारत गणेशपुरेंनी वऱ्हाडी घरोघर नेली ती ताठ मानेनं, पण माझ्यासारखे नकलाकार झटकन निघाले. टाळ्या मिळायच्या. पण माझ्या आईने आयुष्यात कधी असं बोललेलं नाही. माझ्या घरी कुणी रडतं, भांडतं, हिशेब करतं, ते सगळं याच बोलीत. मी मात्र तिला फक्त विनोदाच्या कामाला ठेवलं होतं. रील्स बनवणाऱ्या मित्रांनो, रागावू नका, पण एकदा तपासून बघा.

मग फरक कुठं आहे? मला तो कळला एका रविवारी, आणि कळला ते चांगलं वाटलं नाही.

बाबा एका लग्नासाठी पुण्याला आले होते, वाटेत होस्टेलवर आले. पिशवीत आईने दिलेला चिवडा. खोलीत तिघं मित्र होते. मी म्हणालो, 'बाबा, तुम्ही बसा ना, मी पाणी आणतो.' बाबांनी माझ्याकडे क्षणभर बघितलं. घरी मी त्यांना आयुष्यात असं बोललो नव्हतो. 'तू बस ना बाबा' हेच. मग ते खुर्चीच्या कडेला बसले आणि मित्रांशी बोलू लागले, जपून, एकेक शब्द निवडून. साहेबासमोर बोलतात ना, तसं. 'आपण कुठले?' 'अभ्यास व्यवस्थित चालला आहे ना?' वीस मिनिटं. हसले नाहीत, एक किस्सा सांगितला नाही. बाबा, जे पाळी सुटल्यावर चहाच्या टपरीवर दहा माणसं खिळवून ठेवतात.

साहेबासमोरचं ते बोलणं त्यांनी स्वतः निवडलं होतं, पोटासाठी. त्या दिवशीचं मी त्यांना घालायला लावलं होतं.

बस स्टॉपवर सोडायला गेलो तेव्हा ते म्हणाले, 'मित्र चांगले हायेत तुहे.' बस. बाकी काही नाही. मीच तेवढ्यात म्हणालो, 'पोहोचला का फोन करजो.' कितीतरी महिन्यांनी तो 'जो' बाहेर निघाला होता.

त्या रात्री फोन आला तेव्हा मी जिन्यात गेलो नाही. धैर्य वगैरे नव्हतं त्यात, पाय उचलला नाही इतकंच. खोलीत तिघं होते, एक जण मान वर करून बघत होता. दोन-तीन वाक्यं अडखळलो. मग पाणी आलं का, आजीचं गुडघ्याचं औषध आणलं का, बाबा पोहोचले का, सगळं विचारत गेलो. मित्र पुन्हा मोबाइलमध्ये डोकं घालून बसला.

पलीकडून आई म्हणाली, 'काहून रे, आज कुठी आहे तू? आवाज लय साफ येऊन राहिला.'