बेअदबी कोणाची?

आखाडा बाळापूर हे हिंगोली-नांदेड रस्त्यावरचे, हळदीच्या मुलखातले बाजाराचे गाव. सर्वोच्च न्यायालयात कोण हरले, कोण जिंकले, हे तेथील वाचकाला कळते ते वर्तमानपत्रांतून. शिक्षकांचे पगार थकले, एस. टी. कामगारांचे वेतन लांबले, कारखान्याने मजुरी अडकवली, या वार्ताही तो तेथेच वाचतो. पण खुद्द वर्तमानपत्रांत राबणाऱ्यांचे वेतन थकले आणि त्यावरून न्यायालयाच्या बेअदबीचे प्रकरण उभे राहिले, ही हकीकत त्याच्यापर्यंत कितपत पोहोचली? आम्ही याच व्यवसायातले. तेव्हा ती सांगणे आमच्याकडे लागते.

न्या. मजिठिया यांच्या वेतन मंडळाच्या शिफारशी केंद्र सरकारने ११ नोव्हेंबर २०११ रोजी अधिसूचित केल्या. मालकांनी त्यांना आव्हान दिले. ७ फेब्रुवारी २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्या वैध ठरवल्या. मार्च २०१४ पर्यंतची थकबाकी वर्षभरात चार समान हप्त्यांत चुकती करावी आणि एप्रिलपासून नवे वेतन द्यावे, असे फर्मावले. तरीही अनेकांच्या हाती पैसा पडला नाही. तेव्हा पत्रकार व पत्रकारेतर कर्मचारी बेअदबीच्या याचिका घेऊन पुन्हा त्याच न्यायालयाच्या दारी गेले.

१९ जून २०१७ रोजी न्या. रंजन गोगोई व न्या. नवीन सिन्हा यांनी निकाल दिला. कंत्राटी कर्मचाऱ्यालाही शिफारशी लागू आहेत. 'मला जुनेच वेतन मान्य आहे' असे लिहून घेतलेल्या कागदाने कायद्याने ठरलेले किमान वेतन कमी होत नाही. निव्वळ आर्थिक अडचण म्हणजे शिफारशींत अभिप्रेत असलेला मोठा रोख तोटा नव्हे. मुद्द्यांमागून मुद्दे कामगारांच्या बाजूने लागले. आणि अखेरीस? बेअदबी झालेली नाही! मालकांनी शिफारशींचा आपापल्या समजुतीप्रमाणे अर्थ लावला. त्यांची कसूर हेतुपुरस्सर म्हणता येत नाही, असे न्यायालयाने ठरवले.

१९७१ च्या कायद्याप्रमाणे दिवाणी बेअदबीला आज्ञाभंग जाणूनबुजून झालेला असावा लागतो, आणि शिक्षा सहा महिन्यांपर्यंतच्या कैदेची होऊ शकते. अर्थाविषयीच्या प्रामाणिक मतभेदासाठी कोणास तुरुंगात धाडावे, असे आम्हीही म्हणणार नाही. परंतु गैरसमजुतीची ही सवलत कोणाला परवडते, ते पाहावे. साऱ्याच्या नोटिशीचा अर्थ मला निराळा वाटला, असे बाळापूरच्या शेतकऱ्याने तलाठ्याला सांगून पाहावे!

सारा आठवण्यास कारण आहे. न्यायालयाने कर्मचाऱ्यांना १९५५ च्या श्रमिक पत्रकार कायद्यातील सतराव्या कलमाचा मार्ग दाखवला. त्यानुसार राज्य सरकारकडे अर्ज करावयाचा, सरकारची खात्री पटली की जिल्हाधिकाऱ्याने ती रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल करावयाची. तरतूद उत्तम! मात्र देय रकमेविषयी वाद निघाला की प्रकरण श्रम न्यायालयाकडे जाते, आणि वाद काढण्यास मालकाला फारसे सायास पडत नाहीत. सर्वोच्च न्यायालयात दोनदा जाऊन आलेला मनुष्य असा पहिल्या पायरीवर येऊन बसतो. दरम्यान मुलांच्या शाळेची फी आणि घराचे भाडे कोणत्याही निकालाची वाट पाहत नाहीत.

तो १९५५ चा कायदा २१ नोव्हेंबर २०२५ रोजी अमलात आलेल्या श्रमसंहितांत विलीन झाला. पत्रकारांसाठी वेतन मंडळ नेमण्याची त्यातील तरतूद मात्र नव्या संहितेत आली नाही. पुढचा मजिठिया कोण, हा प्रश्नच त्यामुळे मिटला. उरले आहेत ते जुन्या कायद्याखालचे दावे. राज्याच्या कामगार खात्याने ते जिल्हावार जाहीर करावेत: अर्ज कोणत्या तारखेला आला, वसुलीचा दाखला कधी निघाला, जिल्हाधिकाऱ्यांनी किती रुपये वसूल केले. ती यादी मालकांच्या नावांसह छापण्यास याच पानावर जागा मिळेल.