दप्तरांत न दिसणारी जमीन

आपण शेतकरी सात-बाराच्या उताऱ्यावर भिस्त ठेवितों, व तें योग्यच आहे. प्रस्तुत लेखकाची नोकरी महसूल खात्यांत कारकुनी करण्यांत गेली असल्यामुळें कागदाचें बळ तो जाणतो. परंतु जें दप्तरांत चढलेंच नाहीं, त्याची साक्ष कोणीं द्यावी? या कामीं माहितीपट कसा उपयोगी पडतो, याचें एक उदाहरण देतों.

सरदार सरोवराखालीं २४५ गांवें यावयाचीं होतीं. पैकीं महाराष्ट्रांतील ३३ गांवें आतांच्या नंदुरबार जिल्ह्यांत, नर्मदेकांठचीं व बहुतांशीं आदिवासी वस्तीचीं. ज्या खातेदाराची चतुर्थांशाहून अधिक जमीन बुडेल त्यास किमान २ हेक्टर ओलिताची जमीन द्यावी, असा लवादानें १९७९ सालीं निवाडा दिला. परंतु पिढ्यान्‌पिढ्या कसलेली पुष्कळ जमीन सरकारी जंगलांत मोडत असे. तिच्या कसणाऱ्याचें नांव उताऱ्यावर नव्हतें. म्हणून तो अतिक्रमणदार ठरला.

आनंद पटवर्धन व सिमंतिनी धुरू यांचा ‘ए नर्मदा डायरी’ हा माहितीपट १९९५ सालचा. नांवाप्रमाणें ती खोऱ्यांतील लढ्याची रोजनिशी आहे. कर्त्यांचा कल आंदोलनाकडे आहे, व तो त्यांनीं लपविलेला नाहीं. उताऱ्यावर क्षेत्र दिसतें. चित्रांत कसणारा दिसतो, व त्याचें म्हणणें त्याच्याच तोंडून ऐकूं येतें.

याच काळांत जागतिक बँकेनें नेमलेल्या मोर्स समितीनें १९९२ सालीं पुनर्वसनांतील दोष दाखविले, व १९९३ च्या मार्चांत भारत सरकारनें उरलेलें कर्ज सोडून दिलें. धरण मात्र थांबलें नाहीं. २०१७ सालीं त्याचें लोकार्पण झालें. त्याच्या पाण्यानें गुजराथेंतील शेतकऱ्यांचा लाभ झाला, हेंही नमूद केलें पाहिजे. प्रश्न इतकाच, कीं त्या लाभाची किंमत कोणीं भरली.

२००६ च्या वनहक्क कायद्याखालील नियमांत घर, बांध, जमिनीचें सपाटीकरण आणि वडीलधाऱ्यांचा जबाब यांसही पुरावा मानिलें आहे. म्हणजे डोळ्यांना दिसणाऱ्या व कानांनीं ऐकलेल्या गोष्टीस कायद्यांत जागा मिळाली.

मीरा-भाईंदरकडे भातखाचरांची जागा इमारतींनीं घेतली. ज्यांचीं शेतें, विहिरी व बांध शिल्लक आहेत, त्यांनीं उतारा जपावाच. परंतु हातांतील फोननें त्यांचीं चित्रें तारखेसह घेऊन ठेवावीं, आणि घरांतील वृद्धांचें कथन त्यांच्याच आवाजांत टिपून घ्यावें. वृद्ध गेल्यावर ही साक्ष मिळत नाहीं.