गच्चीवरचा चिकू, गॅलरीतलं लिंबू

मुंबई पोर्ट ट्रस्टच्या मध्यवर्ती स्वयंपाकघरात हजारो कामगारांचं जेवण शिजायचं आणि भाज्यांच्या सालीदेठांचे ढीग मागे उरायचे. तिथल्या केटरिंग अधिकारी प्रीती पाटील यांनी २००२ मध्ये हा कचरा वरच्या गच्चीवर न्यायला सुरुवात केली. गोदीतल्या त्या उघड्या स्लॅबवर पुढे चिकू, पेरू, नारळ उभे राहिले. दक्षिण मुंबईत फळबाग होऊ शकते का, या प्रश्नाचं उत्तर तेव्हाच मिळालं.

या कामामागे एक विचार होता, आणि तो अस्सल महाराष्ट्रातला आहे. 'प्रयोग परिवार' उभा करणारे कोल्हापूरचे श्री. अ. दाभोलकर सांगत, की झाड मुख्यतः उन्हावर जगतं आणि माती आपल्याला तयार करता येते. त्यांच्याच परंपरेतल्या दीपक सचदे यांनी 'अमृत मिट्टी'ची रीत घालून दिली. एक किलो शेण, एक लिटर गोमूत्र, ५० ग्रॅम गूळ आणि दहा लिटर पाणी तीन दिवस ढवळत ठेवायचं, मग ते दसपट पाण्यात मिसळून त्यात वाळका पाला भिजवायचा. या पाल्याचे थर मातीच्या पातळ थरांसोबत रचले, की काही महिन्यांत काळी, भुसभुशीत आणि वजनाला हलकी माती मिळते. पाल्याची मुंबईत वाण नाही. दादरच्या हिंदू कॉलनीत, पारशी कॉलनीत झाडाखाली रोज झाडून काढलेला पाला कचरागाडीत जातो, याचं मला फार वाईट वाटतं.

माती हलकी असणं हा इथे जिवाचा प्रश्न आहे. शंभर लिटरचा अर्धा ड्रम ओल्या साध्या मातीने भरला तर दीडशे किलोच्या आसपास जातो. गिरगावातल्या जुन्या चाळींच्या लाकडी गॅलरीत असा ड्रम कधीच ठेवू नये, वीस लिटरच्या रंगाच्या बादलीवर भागवावं. गच्ची असेल तर इमारतीच्या इंजिनियरला विचारून, तुळई आणि खांबांच्या वरच ड्रम मांडावेत.

ऊन आधी मोजा, रोप नंतर आणा. हिवाळ्यात सूर्य दक्षिणेकडे कललेला असतो, तर मेच्या मध्यापासून जुलैअखेरपर्यंत भर दुपारी तो मुंबईच्या डोक्यावरून किंचित उत्तरेला जातो. म्हणजे दक्षिणेच्या गॅलरीला थंडीत भरपूर ऊन आणि उत्तरेच्या गॅलरीला जवळजवळ वर्षभर सावली. लालबाग-परळमध्ये गिरणीच्या जागी उभ्या राहिलेल्या टॉवरची सावलीही हिशेबात धरावी लागते. पाच-सहा तास ऊन नसेल तर फळाचा हट्ट सोडावा.

रोप कलमाचंच घ्यावं. बीपासून वाढवलेलं झाड कुंडीत वर्षानुवर्षं नुसती पानंच दाखवतं. पेरू आणि लिंबाची गुटी कलमं लवकर फळतात. पेरू नव्या फुटीवर धरतो, म्हणून त्याची छाटणी बिनधास्त करावी. तुतीचंही तसंच. आंबा हवाच असेल तर हापूसऐवजी आम्रपाली. दशहरी आणि नीलमच्या संकरातून दिल्लीत तयार झालेली ही जात बुटकी राहते आणि दरवर्षी फळते. सीताफळाचं फूल मात्र आधी मादी असतं, मग नर. त्यामुळे एका फुलाचे पराग मऊ ब्रशने दुसऱ्या, नुकत्या उमलू लागलेल्या फुलाला लावावे लागतात.

खरी गंमत लिंबाच्या बहारात आहे. उन्हाळ्यात लिंबं हवी असतील तर हस्त बहार, म्हणजे ऑक्टोबरातला फुलोरा, धरावा लागतो. त्यासाठी पावसाळा सरता सरता झाडाला ताण द्यायचा, म्हणजे पाणी तोडायचं. भर पावसात शेतकऱ्याला ते अवघड जातं. आपली गॅलरीतली कुंडी मात्र छपराखाली असते. सप्टेंबरात पाणी तोडून पानं मलूल होऊ द्यावीत, थोडी गळाली तरी घाबरू नये. मग माती हलवून शेणखत घालावं आणि बेताबेताने पाणी सुरू करावं. फुलं ऑक्टोबरात येतात, लिंबं एप्रिल-मेमध्ये, म्हणजे बाजारात ती सर्वांत महाग असताना.

बशीत पाणी साचू देऊ नका. डेंग्यूचे डास तिथेच वाढतात. दोनेक वर्षांनी झाड कुंडीबाहेर काढून कडेची मुळं छाटा, नवी माती भरा.

महापालिकेचं झाडं-फुलांचं प्रदर्शन दरवर्षी हिवाळ्यात राणीच्या बागेत भरतं. फळांनी लगडलेली कुंडीतली झाडं तिथे मांडलेली असतात. ती बघा, कुंडीचं माप डोळ्यांत साठवा, आणि मग पहिलं कलम लिंबाचं आणा.