लेखणीही आपली, थैलीही आपली

10 ऑक्टोबर 1954. दिल्लीत पहिले राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार दिले गेले. देशातल्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं राष्ट्रपती सुवर्णपदक मिळालं ते ‘श्यामची आई’ या मराठी चित्रपटाला. बिमल रॉय यांचा ‘दो बिघा जमीन’ही त्या वर्षीच्या स्पर्धेत होता आणि त्याच्या वाट्याला गुणवत्तेचं प्रमाणपत्र आलं. पदक घेणाऱ्या आचार्य अत्र्यांनी हा चित्रपट लिहिला होता, दिग्दर्शित केला होता आणि त्यात पैसाही स्वतःच घातला होता.

ही शेवटची गोष्ट मला सगळ्यात मोठी वाटते. मी नायगावात राहते. पूर्वेला जूचंद्रच्या बाजूला मालिकांचे सेट लागतात, तिथे मी प्रॉडक्शनचं काम पाहते. सकाळी सीन पेपर हातात येतो, दुपारी चॅनेलचा फोन येतो आणि संध्याकाळच्या शिफ्टला सासू भलतंच बोलायला लागते. लेखक घरी बसून तोच सीन पुन्हा लिहितो. पैसा ज्याचा, शेवटचा शब्द त्याचा. हे रोज पाहते, म्हणून अत्र्यांची चित्रपटातली सतरा-अठरा वर्षं मी फार आस्थेनं वाचत आले.

सुरुवातीला तेही दुसऱ्यांसाठीच लिहीत होते. पुण्यातल्या शाळेचे मुख्याध्यापक आणि ‘साष्टांग नमस्कार’, ‘लग्नाची बेडी’ अशा नाटकांचे गाजलेले लेखक असताना, 1937मध्ये त्यांनी कोल्हापूरच्या हंस पिक्चर्ससाठी ‘धर्मवीर’ लिहिला. मग ‘ब्रह्मचारी’, मग दामुअण्णा मालवणकरांची ‘ब्रँडीची बाटली’. लोक हसून बेजार झाले. दिग्दर्शक मास्टर विनायक आणि लेखक अत्रे ही जोडी प्रेक्षक नावानिशी ओळखू लागले. पडद्यामागच्या लेखकाचं नाव लोकांच्या तोंडी असावं, याचं मला आजही अप्रूप वाटतं.

तरीही ते तिथे थांबले नाहीत. 1941मध्ये ‘अत्रे पिक्चर्स’च्या नावावर ‘पायाची दासी’ आला. दिग्दर्शन गजानन जागीरदारांचं, सासू दुर्गाबाई खोटे, सून वनमाला. सासुरवासाची गोष्ट, पण छळ हा करमणुकीचा मसाला नव्हे, घराघरातलं दुखणं आहे, हे ठाऊक असलेल्या माणसानं लिहिलेली. लेखणी आणि थैली इथे एका हातात आली.

युद्धानंतर इटलीतही असे लेखक होते. सेर्जिओ अमिदेई हे ‘रोम, ओपन सिटी’च्या लेखकांपैकी एक. 1950मध्ये त्यांनी एका चित्रपटाच्या लेखनात हात घातला आणि निर्मितीही स्वतःच केली. ऑगस्टमधल्या एका रविवारी साधी रोमकर माणसं ऑस्तियाच्या किनाऱ्यावर जातात, एवढीच ती गोष्ट. सुट्टीच्या दिवशी वसईच्या सुरुची किनाऱ्याकडे निघालेली आपली गर्दी, तशीच ती माणसं. अशा कथेला मोठा नायक लागत नाही, पण भांडवल लागतं, आणि लेखकावर भरवसा ठेवून ते देणारा सहसा भेटत नाही. अशाच साध्या माणसांचा इटालियन चित्रपट ‘बायसिकल थीव्ह्ज’ 1952च्या जानेवारीत मुंबईत भरलेल्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात दाखवला गेला. त्यातूनच बिमल रॉय यांना ‘दो बिघा जमीन’ची प्रेरणा मिळाली.

अत्र्यांना मात्र आपली गरिबी दाखवायला कोकण पुरेसं होतं. साने गुरुजींनी नाशिकच्या तुरुंगात लिहिलेलं ‘श्यामची आई’ 1935पासून घरोघर वाचलं जात होतं. गुरुजी 1950मध्ये गेले. चित्रपट आला 1953मध्ये. त्यात नायक-नायिकेचं प्रेम नाही, मारामारी नाही. कर्जात बुडालेलं घर, दारात सावकाराचा माणूस, पोहायला घाबरणारा मुलगा आणि त्याला छडी घेऊन विहिरीकडे पिटाळणारी आई. ‘सिकंदर’मध्ये पृथ्वीराज कपूरसमोर झळकलेल्या वनमालाबाईंना अत्र्यांनी जुनेरात उभं केलं. श्याम झाला छोटा माधव वझे, संगीत वसंत देसाईंचं. गोष्ट आईच्या मृत्यूशी संपते. हा शेवट बदला असं सांगणारा वरचा माणूस कोणी नव्हता, कारण वरचा माणूस स्वतः लेखक होता. सुवर्णपदकाचं बीज मला तिथे दिसतं.

पुढच्या चित्रपटाची त्यांची निवड मला याहूनही धाडसाची वाटते. विषय महात्मा फुले. 1954च्या जानेवारीत मुहूर्ताला डॉ. बाबासाहेब आंबेडकर आले होते. बाबुराव पेंढारकर जोतीराव झाले, सुलोचनाबाई सावित्रीबाई. दुसऱ्या वर्षीच्या राष्ट्रीय पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचं रौप्यपदक त्याला मिळालं. शाळेच्या पुस्तकांत फुल्यांना चार ओळींची जागा मिळत होती त्या काळात अत्र्यांनी त्यांच्यावर पूर्ण लांबीचा चित्रपट केला, तोही स्वतःच्या हिमतीवर. आमच्या सेटवर नव्यानं येणाऱ्या मुला-मुलींना मी आधी ‘महात्मा फुले’ शोधून बघायला सांगते, मग ‘श्यामची आई’.

त्यानंतर संयुक्त महाराष्ट्राची चळवळ पेटली. 15 नोव्हेंबर 1956 रोजी त्यांनी दैनिक ‘मराठा’ सुरू केलं आणि लेखणी-थैली दोन्ही तिकडे गेल्या.