तबकडीची दुसरी फेरी

लाँग प्ले रेकॉर्डचा जमाना संपला, असे १९९०च्या दशकात जगभरातील संगीत कंपन्यांनी गृहीतच धरले होते. कारखान्यांना टाळे लागले, यंत्रे भंगारात निघाली आणि त्यांवर आयुष्य घालवलेल्या कारागिरांनी दुसरे उद्योग पत्करले. आता तीच काळी तबकडी पुन्हा दिमाखाने दुकानांत परतली आहे. ग्राहक परत येण्यास एखादा हंगाम पुरतो. मोडलेली उत्पादनव्यवस्था पुन्हा उभी करण्यास मात्र वर्षे लागतात. रेकॉर्डच्या पुनरुज्जीवनातील अडचण नेमकी येथेच आहे.

आकडे काय सांगतात?

अमेरिकेची बाजारपेठ या बदलाचे सर्वांत स्पष्ट चित्र दाखवते. २००६ साली तेथे वर्षभरात दहा लाखही नव्या लाँग प्ले रेकॉर्ड खपल्या नव्हत्या. २००८ साली तेथील छोट्या, स्वतंत्र दुकानदारांनी एकत्र येऊन ‘रेकॉर्ड स्टोअर डे’ सुरू केला. त्या दिवसासाठी खास, मर्यादित संख्येच्या रेकॉर्ड काढण्याची प्रथा पडली आणि खपाचा आलेख हळूहळू वर सरकू लागला. २०२० साली रेकॉर्डच्या विक्रीचे उत्पन्न सीडीच्या उत्पन्नाहून अधिक झाले. १९८६ नंतर असे प्रथमच घडले. २०२२ साली तर नगांच्या संख्येतही रेकॉर्डने सीडीला मागे टाकले. त्या वर्षी सुमारे ४ कोटी १० लाख रेकॉर्ड आणि ३ कोटी ३० लाख सीडी विकल्या गेल्या. २०२४ साली या व्यवसायाची उलाढाल सुमारे १४० कोटी डॉलरवर पोहोचली.

अर्थात, हे आकडे प्रमाणात पाहिले पाहिजेत. अमेरिकेतील ध्वनिमुद्रित संगीताच्या उत्पन्नापैकी २०२४ साली सुमारे ८४ टक्के वाटा इंटरनेटवरून ऐकल्या जाणाऱ्या संगीताचा होता. रेकॉर्डने त्याची जागा घेतलेली नाही. त्याच्या शेजारी आपली एक छोटी, पण टिकाऊ जागा निर्माण केली आहे.

लाखेपासून व्हिनाइलपर्यंत

आज ज्याला ‘व्हिनाइल’ म्हटले जाते, त्यापूर्वीची रेकॉर्ड लाखेची होती आणि तिचा भारताशी निकटचा संबंध होता. लाखेत दगडाची बारीक पूड, तंतू व काजळी मिसळून मिनिटाला ७८ फेरे घेणाऱ्या तबकड्या बनत. जगाला लागणारी लाख प्रामुख्याने भारतातून जाई. १९०२ साली फ्रेड गायस्बर्ग या ध्वनिमुद्रकाने कोलकात्यात गौहरजान यांचे गाणे मुद्रित केले. तेव्हा तबकड्या छापण्यासाठी परदेशी पाठवाव्या लागत. १९०८ साली कोलकात्यातील सियालदह येथे छपाईचा कारखाना निघाला आणि पुढे १९२८ साली दमदमचा प्रसिद्ध कारखाना उभा राहिला.

दुसऱ्या महायुद्धात आशियातून होणारी लाखेची आयात विस्कळीत झाली. युद्धसामग्रीसाठीही लाख हवी असल्याने १९४२ साली अमेरिकी सरकारने रेकॉर्ड कंपन्यांच्या लाखेच्या वापरावर कडक निर्बंध घातले. सैनिकांसाठी काढलेल्या तबकड्यांकरिता तेव्हा व्हिनाइल या कृत्रिम पदार्थाचा वापर वाढला. तो सहज फुटत नसे आणि त्यावर अधिक बारीक खाच कोरता येत असे. जून १९४८ मध्ये कोलंबिया कंपनीने मिनिटाला ३३⅓ फेरे घेणारी लाँग प्ले रेकॉर्ड बाजारात आणली. वेग कमी झाला आणि तेवढ्याच जागेत दुप्पट-अडीचपट खाचा बसू लागल्या. त्यामुळे तीन-साडेतीन मिनिटांचे गाणे वीस-बावीस मिनिटांपर्यंत लांबले.

अभिजात संगीताच्या दृष्टीने हा बदल किती मोठा होता, हे मराठी रसिकांना सांगण्याची गरज नाही. ७८च्या तबकडीवर संपूर्ण रागाचा अर्क तीन मिनिटांत उतरवावा लागे. काही गायकांनी त्या बंधनातूनही अजोड कलाकृती घडवल्या. पण संथ आलापीला तेथे वावच नव्हता. १९५५ साली अमेरिकेत मुद्रित झालेली उस्ताद अली अकबर खाँ यांची सरोदवादनाची रेकॉर्ड ही भारतीय रागसंगीताची पहिली लाँग प्ले मानली जाते. त्यानंतर विलंबित ख्याल घरोघरी पोहोचण्याचा मार्ग मोकळा झाला.

खाच कशी कोरली जाते?

रेकॉर्ड बनवण्याची पद्धत गेल्या पंचाहत्तर वर्षांत मूलतः बदललेली नाही. ॲल्युमिनियमच्या सपाट, गुळगुळीत चकतीवर नायट्रोसेल्युलोजचा चकचकीत थर दिलेला असतो. या चकतीला ‘लॅकर’ म्हणतात. आता त्यात लाख नसली, तरी या शब्दाचे मूळ आपल्या ‘लाक्षा’ शब्दाशीच जाऊन पोहोचते. बारा इंची रेकॉर्डसाठी ही चकती चौदा इंचांची घेतात, म्हणजे कडेला हाताळण्यास जागा राहते.

ही चकती लेथवर फिरत असते आणि माणकाची किंवा नीलमण्याची तापवलेली सुई तिच्यावर खाच कोरत जाते. गाण्यातील विद्युतलहरींनुसार सुई थरथरते आणि तीच थरथर खाचेच्या आकारात उमटते. स्टिरिओ ध्वनीसाठी खाचेच्या दोन भिंतींपैकी एकीवर डावी व दुसरीवर उजवी वाहिनी कोरली जाते. ही कल्पना ॲलन ब्लुमलीन या ब्रिटिश अभियंत्याने १९३१ सालीच मांडली होती. कोरताना निघणारा बारीक धागा हवेच्या झोताने सतत ओढून घ्यावा लागतो, कारण तो अतिशय ज्वालाग्राही असतो.

येथे अभियंत्याच्या कानाची कसोटी लागते. खर्जाचे स्वर मोठ्या आवाजात कोरले, तर खाच रुंद होऊन शेजारच्या खाचेला भिडते. म्हणून मुद्रण करताना खर्ज ठरावीक प्रमाणात घटवतात व तार स्वर वाढवतात. वाजवताना ॲम्प्लिफायर याच्या नेमके उलट करतो. हे प्रमाण १९५४ साली सर्व कंपन्यांसाठी निश्चित झाले. दुसरी अडचण भूमितीची आहे. फेऱ्यांची गती तीच राहिली, तरी कडेला सुईखालून सेकंदाला सुमारे ५१ सेंटिमीटर खाच सरकते, तर मध्याजवळ जेमतेम २१. साहजिकच शेवटच्या गाण्यातील बारकावे आखडले जातात. म्हणूनच गाण्यांचा क्रम लावताना जोरकस गाणे आधी व शांत गाणे शेवटी ठेवण्याकडे कल असतो. वीस मिनिटांच्या एका बाजूवर ही एकच अखंड खाच सरळ केली, तर तिची लांबी चारशे मीटरहून अधिक भरेल.

कोरणे साधारणतः गाण्याच्या वेळेइतकेच चालते. अठराव्या मिनिटाला चूक झाली, तर चकती टाकून देऊन पहिल्यापासून सुरुवात करावी लागते.

बाप, आई आणि ठसा

कोरलेली चकती मऊ असते. ती वाजवली तर खराब होते. म्हणून तिच्यावर चांदीचा अतिसूक्ष्म थर फवारतात आणि विजेच्या साहाय्याने निकेलचा मुलामा चढवतात. काही तासांनी हा निकेलचा पत्रा सोलून काढला जातो. त्यावर खाचांच्या जागी उंचवटे असतात. कारखान्याच्या भाषेत हा ‘फादर’, म्हणजे बाप. त्यापासून त्याच पद्धतीने खाचा असलेली ‘मदर’, अर्थात आई तयार होते आणि आईपासून पुन्हा उंचवट्यांचे ठसे काढतात. एका ठशावर साधारण हजारभर रेकॉर्ड छापल्या की तो झिजतो. मग आईपासून दुसरा काढावा लागतो. ठशाचे मध्यछिद्र किंचित जरी सरकले, तरी स्वर वर-खाली हेलकावे खाऊ लागतात.

छपाई त्यामानाने झटपट होते. व्हिनाइलचे दाणे वितळवून त्यांचा जाड, मऊ गोळा तयार करतात. त्याच्या वर-खाली कागदी लेबले ठेवून दोन ठशांमध्ये तो शंभर टनांहून अधिक दाबाखाली चेपतात. लेबलांना गोंद लागत नाही. उष्णतेने व दाबाने ती तबकडीतच रुतून बसतात. ती आधी भट्टीत वाळवावी लागतात, अन्यथा त्यांतील ओलाव्याची वाफ होऊन फुगे येतात. साच्यात आधी वाफ आणि मग थंड पाणी खेळवले जाते. अर्ध्या मिनिटाच्या आसपास एक रेकॉर्ड बाहेर पडते आणि तिची वाढीव कड कापली जाते. थंड करण्यात घाई झाली, तर तबकडी वाकते. व्हिनाइलला मूळचा काळा रंग नसतो. तो काजळी मिसळल्याने येतो.

साखळीतील कच्चे दुवे

या साखळीतील प्रत्येक दुवा नव्या मागणीपुढे अपुरा ठरला. खाच कोरण्यासाठी नावाजलेली जर्मन ‘नॉयमन’ कंपनीची लेथ यंत्रे अनेक दशकांपूर्वीच बनणे थांबले. आज जगभर चालतात ती बहुतांश जुनी, सुट्या भागांची जुळवाजुळव करून जिवंत ठेवलेली यंत्रे होत. छापण्याच्या यंत्रांचीही तीच गत होती. प्राग शहराजवळील लोदेनित्से येथील जीझेड मीडिया या कारखान्याने पडत्या काळातही आपली यंत्रे मोडीत काढली नाहीत. आज तो जगातील सर्वांत मोठा रेकॉर्ड उत्पादक आहे. गेल्या दहा-बारा वर्षांत कॅनडा, जर्मनी व स्वीडनमध्ये नवी दाबयंत्रे बनू लागली. अमेरिकेत गायक-वादक जॅक व्हाइट यांनी २०१७ साली डेट्रॉइटमध्ये नवा कारखाना उभारला.

सर्वांत मोठा धक्का ६ फेब्रुवारी २०२० रोजी बसला. कॅलिफोर्नियातील बॅनिंग येथील ‘अपोलो मास्टर्स’ हा कारखाना आगीत भस्मसात झाला. जगात लॅकर चकत्या बनवणारे मोठे कारखाने दोनच होते. त्यांपैकी हा एक, तर दुसरा जपानमधील छोटासा ‘एमडीसी’. लाक्षागृहाची आठवण करून देणाऱ्या या आगीत कोणी दगावले नाही, परंतु कोट्यवधी डॉलरचा उद्योग एकाच कारखान्याच्या आधारावर येऊन थांबला. १९८२ साली विकसित झालेल्या पद्धतीत लॅकरऐवजी तांब्याच्या थरावर थेट खाच कोरता येते. मात्र त्यासाठी लागणारी यंत्रे जगात मोजकीच आहेत.

पाठोपाठ करोना साथीच्या काळात घरात अडकलेल्या ग्राहकांची मागणी एकदम वाढली. २०२१ साली रेकॉर्ड छापून मिळण्यास अनेक महिन्यांची प्रतीक्षा करावी लागत होती. ॲडेल या ब्रिटिश गायिकेच्या एकाच नव्या संग्रहाच्या पाच लाखांहून अधिक प्रती आधीच छापून घेतल्याची बातमी तेव्हा गाजली. लोकप्रिय कलाकारांच्या अशा मोठ्या मागण्यांपुढे छोट्या कलाकारांची हजार-पाचशे प्रतींची कामे रांगेत मागे पडली. विरोधाभास असा की, पडत्या काळात रेकॉर्डचा धंदा याच छोट्या कंपन्यांनी जगवला होता.

आवाज खरेच चांगला असतो का?

तांत्रिक निकषांवर याचे उत्तर नकारार्थी आहे. हळू व मोठ्या आवाजातील अंतर सीडीवर सुमारे ९६ डेसिबल मावते. रेकॉर्डवर ते सत्तरच्या आसपास थांबते. शिवाय खरखर आणि झीज आहेच. आजच्या पुष्कळशा रेकॉर्ड डिजिटल ध्वनिमुद्रणावरूनच कोरल्या जातात. महागड्या रेकॉर्डसाठी प्रसिद्ध असलेल्या मोबाइल फिडेलिटी कंपनीने मधल्या टप्प्यात डिजिटल प्रत वापरल्याचे २०२२ साली उघड झाले. तोवर कित्येक जाणकारांच्या कानांना त्याचा पत्ता लागला नव्हता.

मग लोक रेकॉर्ड का घेतात? मोठे, देखणे वेष्टन, वस्तू स्वतःच्या मालकीची असल्याचे समाधान आणि एक बाजू संपेपर्यंत बसून ऐकण्याची शिस्त, ही कारणे अधिक प्रामाणिक वाटतात. अमेरिकेतील ‘ल्युमिनेट’ संस्थेच्या २०२३च्या पाहणीत रेकॉर्ड घेणाऱ्यांपैकी निम्म्यांकडेच ती वाजवण्याचे यंत्र असल्याचे आढळले.

आपल्याकडे काय?

भारतात १९८०च्या दशकात स्वस्त कॅसेटने रेकॉर्डचा बाजार काबीज केला आणि पुढील दशकात येथील छपाई थांबली. त्यानंतर कोणाला नवी रेकॉर्ड काढावीशी वाटली, तर १९०२ सालाप्रमाणेच ती परदेशातून छापून आणण्याखेरीज मार्ग उरला नाही. अनेक दशकांच्या खंडानंतर २०२४ साली मुंबईत रेकॉर्ड छापण्याचा कारखाना सुरू झाला. तोपर्यंत येथील शौकिनांची भूक मुख्यतः चोरबाजारासारख्या ठिकाणच्या जुन्या तबकड्यांवरच भागत होती.

घरोघरी माळ्यावर पडलेल्या तबकड्यांचेही महत्त्व यामुळे वाढले आहे. त्या आडव्या रचून न ठेवता उभ्या ठेवाव्यात. उन्हापासून व दमट भिंतीपासून दूर ठेवाव्यात. ७८ची आणि लाँग प्लेची सुई वेगळी असते. ७८साठीच्या पोलादी सुईने लाँग प्ले वाजवल्यास खाच कायमची बिघडते.

दाबयंत्र पैसे मोजून आणता येते. पण खाच कोरणारा, मुलाम्याच्या पाण्याचे तंत्र सांभाळणारा आणि पहिल्या छापील प्रतीतील दोष कानाने हेरणारा माणूस वर्षानुवर्षांच्या सरावातूनच घडतो. दमदमच्या कारखान्यात ही विद्या पिढ्यान्‌पिढ्या होती आणि मागणी संपताच ती विखुरली. जुन्या मैफलींच्या मूळ फिती उद्या पुन्हा तबकडीवर उतरवायच्या असतील, तर ती येथे नव्याने शिकावी लागेल. मागणीचा हा भर ओसरण्यापूर्वी किती जण ती शिकून तयार होतात, यावर भारतातील रेकॉर्डचे पुढचे भवितव्य अवलंबून राहील.