काल्पनिक विश्वातील ग्रहणश्रद्धा : असिमोव्ह यांच्या ‘नाइटफॉल’ या कथेचा अभ्यास

प्रस्तावना :
ग्रहण ही मूलतः सावलीची घटना आहे. परंतु मानवी समाजांनी तिला सावलीपेक्षा कितीतरी अधिक अर्थ दिला आहे. भारतीय परंपरेत ग्रहण हा पर्वकाळ मानला जातो. स्नान, जप व दान यांना त्या वेळी विशेष महत्त्व असते आणि कुरुक्षेत्रासारख्या तीर्थक्षेत्री सूर्यग्रहणानिमित्त मोठा मेळा भरतो. कल्पित साहित्यातील विश्वांतही ग्रहणाभोवती धर्म उभे राहिलेले दिसतात. आयझॅक असिमोव्ह यांची ‘नाइटफॉल’ ही विज्ञानकथा हे त्याचे महत्त्वाचे उदाहरण होय. ग्रहणाविषयीची श्रद्धा नेमके काय जपते आणि काय गमावते, या प्रश्नाचा विचार सदर कथेच्या आधारे प्रस्तुत लेखात केला आहे.

कथेची पार्श्वभूमी :
अमेरिकन विचारवंत इमर्सन यांनी १८३६ मधील ‘नेचर’ या निबंधात अशी कल्पना मांडली होती की, तारे हजार वर्षांतून एकाच रात्री दिसले असते, तर माणसांनी त्या दर्शनाची स्मृती भक्तिभावाने पिढ्यान्‌पिढ्या जपली असती. संपादक जॉन कॅम्पबेल यांचे मत नेमके उलट होते. अशा प्रसंगी माणसे वेडी होतील, असे त्यांना वाटत होते. त्यांनी हा विषय तरुण असिमोव्ह यांच्यापुढे ठेवला आणि सप्टेंबर १९४१ च्या ‘अस्टाउंडिंग सायन्स फिक्शन’ या मासिकात ही कथा प्रसिद्ध झाली. १९९० मध्ये रॉबर्ट सिल्व्हरबर्ग यांच्या सहकार्याने तिचा विस्तार कादंबरीत करण्यात आला.

लगाशचे आकाश :
कथेतील लगाश या ग्रहाच्या आकाशात सहा सूर्य आहेत. एक ना एक सूर्य सदैव क्षितिजावर असल्याने तेथे रात्र ही संकल्पनाच नाही. या ग्रहाला एक चंद्र आहे. पण अखंड प्रकाशामुळे तो कोणालाही दिसत नाही. लगाशची प्रत्यक्ष कक्षा गुरुत्वाकर्षणाच्या नियमाशी जुळत नाही, एवढ्यावरूनच तेथील शास्त्रज्ञ त्याचे अस्तित्व ताडतात. पृथ्वीवर १८४६ मध्ये नेपच्यूनचा शोध लागला, तोही युरेनसच्या कक्षेतील अशाच विसंगतीवरून. दर २०४९ वर्षांनी केवळ बीटा हा तांबडा सूर्य आकाशात उरलेला असताना हा अदृश्य चंद्र त्याला झाकतो. हे ग्रहण अर्ध्या दिवसाहून अधिक काळ टिकते आणि ग्रहाचा कोणताही भाग त्यातून सुटत नाही. उत्खननात मात्र किमान नऊ पूर्वसंस्कृतींचे अवशेष सापडले असून, त्या सर्व आपल्या उत्कर्षकाळी आगीत नष्ट झालेल्या आहेत.

पंथाचा ग्रंथ :
या विस्मृत घटनेची आठवण एका धार्मिक पंथाने आपल्या पवित्र ग्रंथात जपली आहे. ठरावीक काळानंतर लगाश एका प्रचंड गुहेत शिरतो, सर्व सूर्य नाहीसे होतात, ‘तारे’ नावाच्या वस्तू प्रकट होतात आणि त्या माणसांचे आत्मे हिरावून घेतात, असे हा ग्रंथ सांगतो. त्यातील कालगणना जवळजवळ अचूक आहे. कारण मात्र चुकीचे आहे.

ही विसंगती कशी निर्माण झाली, याचे उत्तर शीरिन हा मानसशास्त्रज्ञ देतो. काळोखात ज्यांची बुद्धी शाबूत राहिली त्यांत अगदी लहान मुले, मद्यपी आणि मंदबुद्धी माणसे होती. घटना समजून घेण्यास जे सर्वांत कमी पात्र, तेच तिचे साक्षीदार ठरले. त्यांच्या तुटक आठवणींतून ग्रंथ घडला. परंपरा खोटी म्हणून टाकून द्यावी, असे असिमोव्ह सुचवीत नाहीत. ती कोणाच्या तोंडून आली हे पाहून तिचे वाचन करावे, असे ते दाखवितात. इतिहासाच्या अभ्यासकाला ही साधनचिकित्सा अपरिचित नाही.

करार आणि संघर्ष :
वेधशाळेचा प्रमुख एटन पंथाकडून जुनी माहिती मिळवितो आणि त्या बदल्यात पंथाच्या श्रद्धेला शास्त्रीय पुरावा देण्याचे मान्य करतो. पुरावा मिळतो, पण त्यामुळेच पंथ खवळतो. अंधार आणि तारे या नैसर्गिक घटना ठरल्यावर श्रद्धेची गरजच उरत नाही, हा लॅटिमर या पंथीयाचा आक्षेप आहे. भाकीत खरे ठरावे, पण त्याचे स्पष्टीकरण आपल्याच हाती राहावे, अशी ही भूमिका होय. अखेरीस पंथाने चिथावलेला जमाव मुक्तीच्या आशेने वेधशाळेवर चालून येतो.

शास्त्रज्ञांचे ज्ञानही अपुरेच ठरते. फार तर एक-दोन डझन तारे असतील, अशी त्यांच्यातील एकाची कल्पना. प्रत्यक्षात तीस हजार तेजस्वी तारे प्रकटतात आणि ज्यांना ग्रहणाचे कारण ठाऊक होते, त्यांचाही धीर सुटतो.

भारतीय परंपरेशी तुलना :
आपल्याकडेही राहूची कथा आणि सावलीचे गणित ही दोन्ही स्पष्टीकरणे शेजारी शेजारी नांदली. चंद्र सूर्याला झाकतो आणि पृथ्वीची छाया चंद्राला झाकते, हे आर्यभटाने इ. स. ४९९ च्या सुमारास स्पष्ट केले. सहाव्या शतकातील वराहमिहिराने छायेचे कारण स्वीकारले आणि ग्रहणकाळच्या दान-होमात राहूला वाटा मिळण्याचा वर आहे, असे सांगून श्रुतिस्मृतींशी मेळही घातला. कोकणातील नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी १५२० मध्ये रचलेल्या ‘ग्रहलाघव’ या ग्रंथावरून पुढे शेकडो वर्षे पंचांगे तयार होत राहिली. त्यामुळे स्पर्श, मध्य, मोक्ष यांच्या गणिती वेळा आणि वेधाचे नियम एकाच पानावर आले. दुसरीकडे गावोगावी ‘दे दान सुटे गिराण’ ही हाकही घुमत राहिली.

येथे लगाशप्रमाणे संघर्ष पेटला नाही, याचे एक महत्त्वाचे कारण पुनरावृत्तीत आहे. पृथ्वीवर दरवर्षी किमान दोन सूर्यग्रहणे होतात. एखाद्या ठिकाणी खग्रास सूर्यग्रहण सरासरी पावणेचारशे वर्षांनी येत असले, तरी खंडग्रास सूर्यग्रहणे आणि चंद्रग्रहणे माणसाला आयुष्यात अनेकदा पाहायला मिळतात. त्यामुळे गणित चुकले तर ते लगेच उघडे पडते व दुरुस्त करता येते. शिवाय ग्रहण सुटते, हा अनुभव प्रत्येक पिढीला असतो आणि मोक्षाचे स्नान त्या अनुभवावरच आधारलेले आहे. लगाशवर कोणतीही पिढी ग्रहण दुसऱ्यांदा पाहत नाही. तेथील ग्रंथाने काळ सांगितला. अंधार ओसरेपर्यंत कसे वागावे, हे सांगितले नाही.

समारोप :
ग्रहणविषयक परंपरेत काळाची नोंद, कारणाची कथा आणि आचाराचा नियम असे तीन घटक असतात. लगाशच्या पंथाने पहिला जपला, दुसरा विपर्यस्त केला आणि तिसरा अनुभवाअभावी घडविलाच नाही. आपल्या परंपरेत तिन्ही घटक आहेत. म्हणून त्यांची परीक्षा स्वतंत्रपणे करणे आवश्यक ठरते. पंचांगातील वेळ गणिताने पडताळता येते आणि राहूची कथा सांस्कृतिक ठेवा म्हणून जपता येते. आचारांचे मात्र परिणामांवरून मूल्यमापन व्हायला हवे. गर्भवतीला ग्रहणकाळात अन्नपाण्यावाचून बसविणारा नियम तिला कोणतेही संरक्षण देत नाही, उलट त्रासच देतो. सुरक्षित चष्म्याशिवाय सूर्याकडे पाहू नये, हा नियम डोळे वाचवितो. १६ फेब्रुवारी १९८० च्या सूर्यग्रहणाच्या वेळी देशातील अनेक शहरांचे रस्ते ओस पडले होते. त्यानंतरच्या ग्रहणांना सौरचष्मे लावून मैदानात जमणाऱ्या विद्यार्थ्यांची संख्या वाढत गेली. आकाशातील सावली तीच आहे. तिच्याविषयीचा आचार बदलता येतो, हे लगाशच्या रहिवाशांना कधीच न मिळालेले भाग्य पृथ्वीवरील माणसाला लाभले आहे.